घोडा ज्याचा त्याचा

असई म्हटले की २३ सप्टेंबर १८०३ ची ती एकच दुपार आठवते. शिंदे-भोसल्यांची छावणी केळणेच्या काठाने भोकरदनपासून असईपर्यंत पसरली होती. घोडदळ भोकरदनच्या अंगाला. वेलस्ली जिंकला, एवढे सांगून पुस्तके पुढे जातात. लढाई नसलेल्या दिवसांत शिपाई काय करीत, हे आम्हीही कधी विचारले नाही. आपले पूर्वज तलवार घेऊन आले, असे ऐकवले जाते तेव्हा तर हे विचारायलाच हवे होते.

पुढे निजामाच्या खर्चाने आणि इंग्रज अंमलदारांच्या हुकमतीत जी फौज उभी राहिली, तिचे तळ जालना, औरंगाबाद, मोमिनाबाद, हिंगोली असे होते. तिच्या घोडदळात दखनी मुसलमान पुष्कळ. सक्तीची भरती नव्हती. पण एकदा आत शिरलेल्याला सहज सुटताही येत नसे. कारण घोडा. शिलेदाराने घोडा, खोगीर, कपडे स्वतःचे आणायचे, वैरण स्वतःची घालायची. सरकार देई तो महिन्याचा पगार. ज्याची घोडा घ्यायची ऐपत नसे तो बारगीर. दुसऱ्याच्या घोड्यावर बसायचा आणि पगारातला मोठा वाटा मालकाला द्यायचा. शिलेदाराची जागा म्हणजे ‘असामी’. ती विकली जाई, गहाणही पडे. म्हणजे शांततेच्या काळात या माणसाची खरी लढाई गवत, दाणा, नालबंद आणि सावकार यांच्याशी. घोडा मेला की संसार बसला.

पगारही थकायचा. तो चुकता व्हावा या सबबीखाली तर २१ मे १८५३ च्या तहाने इंग्रजांनी वऱ्हाड ताब्यात घेतला.

जून १८५७ मध्ये मोमिनाबादहून औरंगाबादेस आलेल्या स्वारांत, आपल्याला दिल्लीच्या बादशहावर नेणार, अशी वार्ता पसरली. दख्खनबाहेर जायचे आमचे ठरलेले नाही, असे त्यांचे म्हणणे. आम्हाला यात धर्माइतकाच करारही दिसतो. घोडा त्यांचा होता. मीर फिदा अली याने कॅप्टन ॲबटवर पिस्तूल झाडले. नेम चुकला, त्याला फाशी झाली. याच फौजेतले दुसरे स्वार १८५८ मध्ये सर ह्यू रोजबरोबर इंग्रजांच्या बाजूने लढले, तेही आपलेच. ते लपवण्याचे कारण नाही.

१९०३ मध्ये ही फौज इंग्रजांच्या हिंदी लष्करात मिसळली. शिलेदारी मात्र पहिल्या महायुद्धापर्यंत टिकली. समुद्रापार गेलेल्या शिलेदाराचा मेलेला घोडा कोणी आणि कुठून भरून द्यायचा, हे तिथे कोणालाच जमेना. १९२१ च्या सुमारास ती बंद झाली.