संस्थानी टपाल आणि हिरवा फुगा

मंडळी, गेल्या महिन्यात दोन नातेवाईकांनी मला एकच प्रश्न विचारला. "काका, आयफोन आणि अँड्रॉइड यांच्यात आता चांगले मेसेज जातात म्हणे. ते आरसीएस की काय, ते कसं सुरू करायचं?" प्रश्न दोन ओळींत उत्तर देण्यासारखाच होता. पण आयुष्यभर इतिहास शिकवलेल्या माणसाला दोन ओळींत उत्तर देता येत नाही, हे माझे विद्यार्थी सांगतीलच. तेव्हा आधी इतिहास आणि मग उत्तर. ज्यांना घाई आहे त्यांनी सरळ खाली जावे.

सुरुवात थोडी लांबून करतो. १८५४ साली डलहौसीच्या काळात हिंदुस्थानात एक मोठी गोष्ट झाली. पाव तोळ्याचं पत्र अर्ध्या आण्यात, मग ते शेजारच्या गावी जावो नाहीतर पेशावरला. अंतराचा हिशेब संपला. पण ही सोय झाली इंग्रजी मुलखात. संस्थानांचं काय? ग्वाल्हेर, पतियाळा अशा काही संस्थानांनी इंग्रज सरकारशी करार केला. त्यांच्या तिकिटांवर संस्थानाचं नाव छापलेलं असे, आणि ती इंग्रजी मुलखातही चालत. बाकीच्या कित्येक संस्थानांनी मात्र स्वतःची तिकिटं काढली, आणि ती त्यांच्या हद्दीतच चालायची. आपल्या पुण्याजवळच्या भोर संस्थानानेही १८७९ मध्ये स्वतःची तिकिटं काढली होती. मराठवाडा तेव्हा निजामाकडे, म्हणजे तिथलं टपाल वेगळं आणि तिकिटंही वेगळी. मराठवाड्यातून पुण्याला पत्र पाठवायचं तर निजामाचं तिकीट उपयोगाचं नाही. माणूस तोच, भाषा तीच, नातं तेच, पण मधे एक हद्द. ही संस्थानी टपालखाती भारतीय टपालात पूर्णपणे मिसळायला १९५० साल उजाडलं.

जगाच्या पातळीवर हाच गोंधळ याआधी मिटला होता. ९ ऑक्टोबर १८७४ रोजी स्वित्झर्लंडमधल्या बर्न शहरात २२ देशांनी एक करार केला. पुढे त्यातूनच जागतिक टपाल संघ झाला. त्याआधी परदेशी पत्राला किती पैसे पडणार हे ते कोणकोणत्या देशांतून जाणार यावर ठरायचं, आणि दर दोन देशांचा करार वेगळा. बर्नमध्ये ठरलं की टपालापुरता सगळा मुलूख एकच समजायचा. प्रत्येकाने आपल्याकडे जमलेले पैसे आपल्याकडे ठेवायचे आणि दुसऱ्याचं पत्र मुकाट्याने पोचवायचं. हिंदुस्थान त्यात १८७६ साली सामील झाला. ९ ऑक्टोबर हा जागतिक टपाल दिन म्हणून पाळतात तो यामुळेच. शाळेत आम्ही त्या दिवशी मुलांकडून पोस्टकार्डं लिहून घ्यायचो.

आता मोबाईलकडे येतो.

मोबाईलवरचा एसएमएस १६० अक्षरांचाच का, हा प्रश्न तुम्हाला कधी पडला आहे का? १५० का नाही, २०० का नाही? १९८५ च्या सुमारास युरोपातले देश एकत्र बसून मोबाईलचे नियम ठरवत होते. त्यात जर्मनीचे फ्रीडहेल्म हिलेब्रांड होते. फोनचं जाळं चालू ठेवण्यासाठी फोन आणि मनोरा यांच्यात सूचनांची देवाणघेवाण सतत चालू असते. रेल्वेत गाड्या रुळावरून धावतात आणि सिग्नलच्या तारा बाजूने वेगळ्या जातात, तसंच हे. या सिग्नलच्या वाटेवर थोडी जागा रिकामी असायची. तिथून छोटी चिठ्ठी पाठवता येईल, अशी ती कल्पना. पण चिठ्ठी केवढी? हिलेब्रांड बॉनमध्ये आपल्या घरी टाइपरायटरवर बसले आणि मनात येतील ती वाक्यं टाइप करून अक्षरं मोजत राहिले. बहुतेक वाक्यं १६० च्या आत संपत होती. लोक पोस्टकार्डावर केवढं लिहितात तेही त्यांनी लक्षात घेतलं. १६० पुरे, असं ठरलं.

३ डिसेंबर १९९२ रोजी इंग्लंडमध्ये नील पॅपवर्थ या २२ वर्षांच्या इंजिनिअरने संगणकावरून व्होडाफोनच्या रिचर्ड जार्विस यांच्या फोनवर नाताळच्या शुभेच्छा पाठवल्या. तो जगातला पहिला एसएमएस. जार्विस यांना उत्तर देता आलं नाही, कारण त्यांच्या फोनवर एसएमएस लिहिण्याची सोयच नव्हती! आपल्याकडे तर मोबाईलच आला ३१ जुलै १९९५ ला, जेव्हा कलकत्त्याहून ज्योती बसू दिल्लीला सुखराम यांच्याशी बोलले.

या एसएमएसचा मोठेपणा मला वाटतो तो असा, की नियम आधी ठरले आणि कंपन्या नंतर आल्या. त्यामुळे कोणत्याही कंपनीच्या फोनवरून कोणत्याही कंपनीच्या फोनवर तो जाऊ शकतो. अर्थात कंपन्यांनी आपापली दारं उघडायला थोडा वेळ घेतलाच. इंग्लंडमध्ये एका कंपनीच्या ग्राहकाला दुसऱ्या कंपनीच्या ग्राहकाकडे मेसेज पाठवता येऊ लागला तो १९९९ मध्ये, आणि त्यानंतरच तिथे एसएमएसचं खरं पीक आलं. दार उघडल्यावर सगळ्यांचाच धंदा वाढतो हा धडा तेव्हाच मिळाला होता.

पण आपल्या मराठीच्या बाबतीत एक मेख होती, आणि ती इथे सांगितल्याशिवाय मला राहवत नाही. १६० अक्षरं ही रोमन लिपीची. एसएमएसच्या पाकिटात जागा १४० बाइटची. रोमन अक्षराला ७ बिट लागतात, म्हणून १६० मावतात. देवनागरी अक्षराला १६ बिट, म्हणून मावतात फक्त ७०. मजकुरात एक जरी देवनागरी अक्षर आलं तरी सगळा मेसेज ७० च्या मापात मोजला जातो. शिवाय काना, मात्रा, वेलांटी, हलन्त हे सगळे वेगळे मोजायचे. "दिवाळीच्या हार्दिक शुभेच्छा" घ्या. आपल्या दृष्टीने १० अक्षरं. एसएमएसच्या हिशेबात, मधल्या दोन मोकळ्या जागा धरून, २७! खुशाली विचारून होईपर्यंत मेसेज संपला. पुढे लिहिलंत तर दोन मेसेजचे पैसे.

म्हणून आपण सगळे "काय चाललंय" हे इंग्रजी अक्षरांत लिहायला शिकलो. फक्त आमची अक्का शिकली नाही. साताऱ्याला असायची. तिने हट्टाने देवनागरी बटणांचा फोन घेतला आणि प्रत्येक मेसेज शुद्ध मराठीत लिहिला, ऱ्हस्वदीर्घासकट. एका मेसेजला तीन मेसेजचे पैसे पडतात असं मी तिला सांगितलं तर म्हणाली, "मग आंतरदेशीय समज." तिच्या मेसेजचा शेवट नेहमी "तब्येत सांभाळ. अक्का" असाच व्हायचा, म्हणजे पाव मेसेज त्यातच जायचा. अक्का गेली त्याला आता बरीच वर्षं झाली. तिचे काही मेसेज माझ्या जुन्या हँडसेटमध्ये होते. ते मी एका रविवारी बसून वहीत उतरवून काढले, आणि त्यानंतर वर्षभरात तो हँडसेट कायमचा बंद पडला. ती वही आहे.

असो. विषयाकडे येतो.

सणासुदीला आपल्याकडे आणखी एक गंमत असायची. मेसेजचं पॅक घेतलेलं असलं तरी दिवाळी आणि ३१ डिसेंबरला ते लागू नसायचं, प्रत्येक मेसेजला पूर्ण दर. आमच्या एका कंपनीने (नाव नको) दिवाळीच्या शुभेच्छांचे माझे असे बरेच पैसे कापले होते. मग सप्टेंबर २०११ मध्ये जाहिरातींचा त्रास आवरण्यासाठी ट्रायने दिवसाला १०० एसएमएसची मर्यादा घातली, नोव्हेंबरात ती २०० केली, आणि जुलै २०१२ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने खाजगी मेसेजवरची ती मर्यादा रद्द केली. तोवर उशीर झाला होता. २००९ मध्ये निघालेलं व्हॉट्सअ‍ॅप आपल्याकडे साध्या नोकियावरसुद्धा चालू लागलं होतं. लांबीची अडचण नाही, सणाचा वेगळा दर नाही, मराठीला दंड नाही. आपण सगळे तिकडे गेलो. एसएमएसच्या पेटीत उरले बँकेचे ओटीपी आणि प्लॉटच्या जाहिराती.

अमेरिकेत मात्र वेगळं घडलं. तिथे एसएमएस फोनच्या बिलातच अमर्याद मिळू लागले होते, त्यामुळे दुसरीकडे जायचं कारणच नव्हतं. ऑक्टोबर २०११ मध्ये अ‍ॅपलने आयमेसेज आणलं. आयफोनवरून आयफोनला मेसेज गेला तर तो इंटरनेटवरून जातो आणि निळ्या फुग्यात दिसतो. समोर दुसरा फोन असेल तर जुन्या एसएमएसच्या वाटेने जातो, फुगा हिरवा. त्या वाटेवर फोटो आणि व्हिडिओ इतके दाबून बारीक करावे लागतात की माणसं ओळखू येत नाहीत. निळ्या गटात एक हिरवा आला की अख्ख्या गटाच्या सोयी जातात.

आपल्याला इथे बसून यात काय मोठंसं असं वाटेल. मलाही त्याचं महत्त्व कळलं ते तिकडे असलेल्या नातवामुळे. त्याच्याकडे अँड्रॉइड. शाळेतल्या संघाच्या मुलांचा गट निळा, आणि याला त्यात घेतलेलं नाही. सरावाची वेळ बदललेली याला दुसऱ्या दिवशी शाळेत कळायची. तेरा वर्षांच्या मुलाला फुग्याच्या रंगावरून पंगतीत बाजूला बसवायचं, हे ऐकून मला आमच्या लहानपणच्या गावातल्या पंगती आठवल्या. फार जास्त लिहीत नाही. जाणणारे जाणतात.

आणि हे नकळत झालं होतं असंही नाही. २०२१ मध्ये एका न्यायालयीन खटल्यात अ‍ॅपलच्या अधिकाऱ्यांच्या जुन्या ईमेल उघड झाल्या. आयमेसेज अँड्रॉइडवर दिलं तर आयफोनवाली कुटुंबं मुलांना अँड्रॉइड घेऊन देतील, अशी चर्चा त्यात होती. सप्टेंबर २०२२ मध्ये एका कार्यक्रमात एकाने टिम कुक यांना सांगितलं की माझे व्हिडिओ माझ्या आईला नीट दिसत नाहीत. त्यावर आईला आयफोन घेऊन द्या, असं उत्तर मिळालं. निजामाच्या पोस्टमास्तरने "पुण्याची मंडळी इकडे राहायला आणा" म्हणावं, तसंच हे.

आता आरसीएस. नाव रिच कम्युनिकेशन सर्व्हिसेस. एसएमएसचा वारसदार म्हणून ही कल्पना २००७ मध्येच निघाली. मोठा मजकूर, स्वच्छ फोटो, समोरचा लिहितोय हे दिसणं, वाचल्याची खूण, नीट चालणारे गट, हे सगळं कोणत्याही फोनवरून कोणत्याही फोनवर. पण या वेळी कंपन्या आधीच मोठ्या झालेल्या होत्या. प्रत्येकीने आपली वेगळी आवृत्ती काढली. २०१२ मध्ये 'जॉइन' नावाने ते युरोपात आलं आणि फारसं कोणाच्या लक्षातही न येता विरून गेलं. २०१५ मध्ये गूगलने यात काम करणारी जाइब ही कंपनी विकत घेतली, २०१६ मध्ये सगळ्यांसाठी एक सामाईक नियमावली ठरली, आणि २०१९ मध्ये कंपन्यांची वाट बघायचं सोडून गूगलने स्वतःच काही देशांत ती सेवा सुरू केली. आपल्याकडे तिचा उपयोग कर्जाच्या जाहिरातींसाठीही झाला. त्या इतक्या वाढल्या की २०२२ मध्ये गूगलला भारतात त्या थांबवाव्या लागल्या!

शेवटी नोव्हेंबर २०२३ मध्ये अ‍ॅपलने आरसीएस घेणार असं जाहीर केलं आणि सप्टेंबर २०२४ मध्ये आयओएस १८ बरोबर ते आलं. त्यामागे युरोपचे नवे कायदे होते, स्पर्धकांची आरडाओरड होती, आणखी काय काय असेल. बर्नला जे काम २२ देशांनी एका करारात केलं, त्याला इथे कल्पनेपासून १७ वर्षं लागली. फुगा मात्र हिरवाच ठेवला. संस्थानिकांनी विलीनीकरणानंतरही गाडीवरचा झेंडा ठेवला होता, तसं म्हणा.

आता ज्या उत्तरासाठी हे सगळं, ते उत्तर.

अँड्रॉइडवाल्यांनी गूगल मेसेजेस उघडावे, वर आपल्या चित्रावर बोट ठेवून मेसेजेसच्या सेटिंग्जमध्ये जावे, तिथे 'आरसीएस चॅट्स' सुरू करावे. नंबरची खात्री होईपर्यंत थोडा धीर धरावा.

आयफोनवाल्यांनी आयओएस १८ किंवा पुढचं घ्यावे, मग सेटिंग्ज, अ‍ॅप्स, मेसेजेस, आणि त्यात 'आरसीएस मेसेजिंग' सुरू करावे. ते तिथे दिसतच नसेल तर तुमच्या सिमकार्डाच्या कंपनीने सोय दिलेली नाही असं समजावे. फोनशी भांडू नये.

दोन्हीकडे इंटरनेट चालू हवे. लिहायच्या चौकोनात आरसीएस असं दिसलं म्हणजे वाट मोकळी झाली. अँड्रॉइड सोडून दुसरा फोन घेणार असाल तर जुन्या फोनवर आरसीएस आधी बंद करावे, नाहीतर मेसेज जुन्याच पत्त्यावर जात राहतात.

एक सावधगिरी. आयफोन आणि अँड्रॉइड यांच्यातल्या या मेसेजांना सुरुवातीला कुलूप नव्हतं. ते नियमांत आलं मार्च २०२५ मध्ये, आणि फोनवर येईल तसतसं येतं. तेव्हा संभाषणात कुलपाचं चिन्ह दिसतं का ते बघावे. दिसत नसेल तर बँकेच्या गोष्टी लिहू नयेत. खरं म्हणजे दिसत असलं तरी लिहू नयेत.

आणि एक विनंती. मोजून मापून पैसे भरायचे दिवस गेले. काना, मात्रा, वेलांटी आता फुकट आहे. मला मेसेज कराल तेव्हा कोणत्याही फोनवरून करा, फुगा कोणत्याही रंगाचा असो, पण मराठीत लिहा... आणि देवनागरीत. जुने मेसेज कोणाकडे राहिले असतील तर तेही उतरवून ठेवा. हँडसेट सांगून बंद पडत नाही.

कळावे, लोभ असावा.