भाडे, बाडिगे आणि पावती

आनेकलमध्ये भिंतींवर आणि विजेच्या खांबांवर दोन पाट्या सारख्या दिसतात : ‘मने बाडिगेगे इदे’ आणि ‘मने भोग्यक्के इदे’. पहिलीचे भाषांतर करावेच लागत नाही. बाडिगे आणि भाडे यांचे नाते कानाला कळते. दुसऱ्या पाटीतला व्यवहार वेगळा. मालकाला एकरकमी मोठी रक्कम द्यायची, ठरलेली मुदत महिन्याचे भाडे न भरता राहायचे आणि जाताना रक्कम परत घ्यायची. मराठीत ‘भोगवटा’ आहे, पण हा अर्थ त्यात नाही.

भाषांतराच्या निमित्ताने मी असे शब्द जमवते. भाडे, पागडी, पोटभाडेकरू, अनामत : आपला साठा काही लहान नाही. पण गरीब भाडेकरूला भाडे भरण्यासाठी सरकार जे पैसे देते, त्यांना मराठीत रुळलेला शब्द सापडत नाही. अमेरिकेत 1974 च्या कायद्याने ‘सेक्शन 8’ ही व्यवस्था आली. कुटुंबाने उत्पन्नाचा साधारण 30 टक्के वाटा भाड्यापोटी द्यायचा, उरलेले सरकार मालकाला देते. त्यासाठी मी ‘भाडे-साहाय्य’ लिहिते. वाचकाला अर्थ लागतो, ओळख पटत नाही. कारण ती गोष्टच आपल्याकडे क्वचित घडली.

आपल्या सरकारांनी भाडेकरूला मदत केलीच नाही, असे मात्र नाही. पहिल्या महायुद्धात मुंबईत भाडी भडकली, तेव्हा 1918 मध्ये भाडेनियंत्रण आले. पाठोपाठ गव्हर्नर जॉर्ज लॉईड यांच्या कारकिर्दीत 1920 साली बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंट स्थापन झाले. शहरात येणाऱ्या कापसाच्या गाठीमागे एक रुपया उपकर बसवला गेला आणि वरळी, नायगाव, डिलाईल रोड, शिवडी इथे 207 बीडीडी चाळी उभ्या राहिल्या. खोली 160 चौरस फुटांची. सुरुवातीची काही वर्षे त्यांतल्या पुष्कळ खोल्या रिकाम्याच होत्या. मदत भिंतींना मिळाली होती. कामगाराच्या खिशाला ती पोचायची राहिली.

1947 च्या मुंबई भाडे कायद्याने प्रमाणित भाड्याचा पाया 1 सप्टेंबर 1940 च्या दरावर ठेवला. ही मदत खरीच होती, पण तिचा खर्च सरकारने घरमालकाच्या माथी मारला. मालकांनी डागडुजी सोडली, इमारती खचू लागल्या आणि 1969 मध्ये दुरुस्तीसाठी मंडळ व उपकराचा कायदा करावा लागला. आत असलेल्याला स्वस्त खोली मिळाली. बाहेरून येणाऱ्याला पागडीशिवाय दार उघडेना. त्या पागडीलाही 1999 च्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याने मान्यता दिली.

थेट भाड्याचे पैसे मिळत राहिले ते पगारदाराला. घरभाडे भत्ता मिळायचा आणि त्यावर प्राप्तिकरात सूटही. या सूटीच्या हिशेबात मुंबई, दिल्ली, कोलकाता, चेन्नईला पगाराच्या 50 टक्क्यांची मर्यादा होती, बंगळुरूला मात्र वर्षानुवर्षे 40. जो कर भरण्याइतके कमावतच नाही, त्याच्या पदरात यातले काहीच पडत नाही. 2020 च्या टाळेबंदीत मजूर शहरे सोडून पायी निघाले, तेव्हा परवडणाऱ्या भाडे-गृहसंकुलांची केंद्रीय योजना आली. जुलैमध्ये तिला मंत्रिमंडळाची मंजुरी मिळाली. सरकारी पैशाने बांधून रिकामी पडलेली घरे भाड्याने द्यायची किंवा उद्योगांनी, संस्थांनी स्वतःच्या जमिनीवर बांधायची. शंभर वर्षांनंतरही मदत इमारतीलाच.

एक अपवाद महाराष्ट्रातच आहे. वसतिगृहात जागा न मिळालेल्या अनुसूचित जाती व नवबौद्ध विद्यार्थ्यांसाठीच्या डॉ. बाबासाहेब आंबेडकर स्वाधार योजनेत मुंबई-पुण्यासारख्या शहरांसाठी वर्षाला 60,000 रुपये ठरले : 32,000 भोजनाचे, 20,000 निवासाचे, 8,000 निर्वाहाचे. रक्कम विद्यार्थ्याच्या खात्यात. खोली कुठे घ्यायची ते त्याने ठरवायचे. गावातून आलेल्या मुलीने शिकायचे की परतायचे, हे या 20,000 वर ठरू शकते.

विद्यार्थ्यापर्यंत पैसे पोचतात, कारण त्याच्याकडे महाविद्यालयाचा दाखला असतो. बोम्मसंद्र, जिगणी, अत्तिबेलेच्या कारखान्यांत राबणारा माणूस वठारात राहतो; वठार म्हणजे आपली चाळच. अ‍ॅडव्हान्स रोख, भाडे रोख, करार बहुधा तोंडी. उद्या कर्नाटक सरकारने भाडे-साहाय्य जाहीर केले, तर तो भाडेकरू आहे हे सिद्ध कशाने होणार?

1947 च्या कायद्यात एक साधे कलम होते : भाडे घेतले की मालकाने लेखी पावती द्यायची, नाहीतर दंड. ‘पावती कुणाच्या नावावर?’ या प्रश्नावर मुंबईत पुढे घरे टिकली आणि घराणी भांडली. आनेकलमध्ये निदान तेवढे तरी आधी व्हावे. पावती ही मदत नव्हे, पण मदतीला पत्ता तीच देते.