लेनापी : मागे घेतलेला बटाटा

हिरवट बटाटा दिसला की आई सरळ फेकून देते. लहानपणी मला तो निव्वळ वहिमाचा प्रकार वाटायचा. पण आईचं बरोबर होतं. उजेडात बटाटा हिरवा पडतो, आणि त्याच उजेडाने त्यातलं सोलॅनिन हे विषही वाढतं.

पण न हिरवटलेला बटाटाच विषारी निघाला तर?

१९६७ साली अमेरिकेत 'लेनापी' नावाचं नवं वाण आलं. कृषी खातं आणि पेनसिल्व्हेनिया राज्य विद्यापीठ यांनी मिळून काढलेलं. चिप्ससाठी एकदम फिट! पाणी कमी, साखर कमी, त्यामुळे तळल्यावर काळपट न पडता मस्त सोनेरी रंग. त्याच्या पूर्वजांत सोलॅनम चाकोएन्से हा दक्षिण अमेरिकेतला रानबटाटा होता.

बटाटा, टोमॅटो, वांगं हे सगळं एकच कूळ. किडींपासून वाचायला ही मंडळी स्वतःच विषं बनवतात. बटाट्यात १०० ग्रॅममागे २० मिलीग्रॅम ही साधारण मर्यादा मानतात. लेनापीत ती ओलांडली जात होती. तळूनही हे विष फारसं जात नाही. शेवटी १९७० मध्ये वाण मागे घेतलं गेलं.

गंमत म्हणजे यात जनुकीय अभियांत्रिकी वगैरे काही नव्हतं, साधा पारंपरिक संकर होता. आमच्या भाषेत सांगायचं तर सगळे टेस्ट केस पास, आणि जो लिहिलाच नव्हता तिथे बग!

लेनापी वाया मात्र गेला नाही. चिप्ससाठी पिकवला जाणारा 'अटलांटिक' त्याचाच वंशज. आता नव्या वाणांत हे विष मोजून बघतात.

थोडक्यात काय, 'नैसर्गिक आहे ना, मग चालतंय' असं कोणी म्हटलं की मला लेनापी आठवतो.