नेपाळच्या डोंगरांतले मिशन दवाखाने

नेपाळमधील ख्रिस्ती वैद्यकीय सेवेचा सलग इतिहास १९५२ पासून सुरू होतो. मात्र त्या देशात पाद्री पहिल्यांदा पोचले ते अठराव्या शतकात. तिबेटच्या वाटेवर असलेले कापुचिन या कॅथलिक संघाचे इटालियन पाद्री काठमांडूच्या खोऱ्यात राहिले, तिथे ते औषधोपचारही करीत. गोरखा राजा पृथ्वीनारायण शाह याने कीर्तिपूरला वेढा घातला तेव्हा त्याचा भाऊ सुरप्रताप बाणाने जखमी झाला आणि त्याच्यावर एका कापुचिनाने उपचार केले, अशी नोंद त्यांच्याच वृत्तांतात आहे. या उपकाराचा पुढे काही उपयोग झाला नाही. खोरे जिंकल्यावर, १७६९ मध्ये, पाद्री आणि त्यांचे खोऱ्यातील मूठभर नेवार अनुयायी देशाबाहेर पडले आणि बिहारमधील बेतियाच्या परिसरात जाऊन वसले.

त्यानंतर नेपाळचे दार पावणेदोनशेहून अधिक वर्षे बंद होते. १८४६ ते १९५१ या राणा राजवटीत परकीयांना प्रवेश दुर्मीळ होता आणि मिशनऱ्यांना तर मुळीच नव्हता. साहजिकच मिशनांनी सीमेवर ठाण मांडले. दार्जिलिंगला नेपाळीभाषक ख्रिस्ती समाज तयार झाला आणि गंगाप्रसाद प्रधान यांच्या परिश्रमातून १९१४ मध्ये संपूर्ण नेपाळी बायबल छापून झाले. रक्सौलला सेसिल डंकन या डॉक्टरने १९३० मध्ये रुग्णालय काढले. नौतनवा या रेल्वेच्या शेवटच्या स्थानकाजवळ लिली ओहॅनलन ही डॉक्टर आणि तिची सहकारी हिल्डा स्टील यांनी दवाखाना चालवला. नेपाळचे रोगी डोंगर उतरून तिथे येत, बरे होऊन परत जात. डॉक्टरांना मात्र सीमा ओलांडता येत नसे.

१९५१ मध्ये राणांची सत्ता गेली आणि हे चित्र पालटले. नोव्हेंबर १९५२ मध्ये ओहॅनलन, स्टील आणि त्यांचा छोटा गट बुटवलहून पायी पोखऱ्याला पोचला. त्यात काही नेपाळी ख्रिस्तीही होते. पोखऱ्याला तेव्हा मोटारीचा रस्ता नव्हता. गटाने पत्र्याच्या खोल्या उभ्या केल्या. उन्हात त्या लांबूनही चकाकत, म्हणून त्या रुग्णालयाचे नाव 'शायनिंग हॉस्पिटल' पडले. कुष्ठरोग्यांसाठी याच गटाने १९५७ मध्ये वेगळे रुग्णालय काढले.

दुसरा प्रवेश पक्ष्यांमुळे झाला. मसुरीच्या वुडस्टॉक शाळेतील शिक्षक रॉबर्ट फ्लेमिंग हे पक्षितज्ज्ञ होते. १९४९ मध्ये, म्हणजे राणांची सत्ता टिकून असतानाच, त्यांना पश्चिम नेपाळात पक्ष्यांचे नमुने गोळा करण्याची परवानगी मिळाली. सोबत कार्ल टेलर हे डॉक्टर होते. नमुने गोळा करता करता रोगीही तपासले गेले. १९५१-५२ च्या हिवाळ्यात फ्लेमिंग पुन्हा तिकडे, तानसेन या गावी गेले, तेव्हा त्यांची डॉक्टर पत्नी बेथेल आणि डॉ. कार्ल फ्रेडरिक्स यांनी तिथे काही आठवडे दवाखाना चालवला. तानसेनच्या लोकांनी कायमच्या रुग्णालयाची मागणी केली. फ्लेमिंग यांनी सरकारला अर्ज केला आणि १९५३ मध्ये परवानगीचे पत्र आले: तानसेनला रुग्णालय आणि काठमांडू खोऱ्यात माता-बाल कल्याण केंद्रे.

त्या पत्रातील अटी नीट पाहण्यासारख्या आहेत, कारण पुढच्या कामाचा साचा त्यांनीच ठरवला. सगळा खर्च मिशनने करायचा, शक्य तितके कर्मचारी नेपाळी घ्यायचे, त्यांना प्रशिक्षण द्यायचे आणि पाच वर्षांनी रुग्णालय सरकारच्या हवाली करायचे. पुढच्या करारांत धर्मप्रचाराला स्पष्ट मनाई आली. ब्रिटिश हिंदुस्थानातल्या मिशनऱ्याला राज्यकर्त्यांच्या सावलीचा आधार असे, नेपाळात तो मिळण्याचा प्रश्नच नव्हता. इथे डॉक्टर पाहुणा होता आणि त्याचा व्हिसा कराराला बांधलेला होता.

एवढे काम एका पंथाच्या आवाक्यातले नव्हते, शिवाय सरकारला एकाच संस्थेशी बोलणे सोयीचे होते. म्हणून ५ मार्च १९५४ रोजी नागपुरात आठ मिशनांनी एकत्र येऊन संयुक्त संस्था स्थापन केली. भारतातील राष्ट्रीय ख्रिस्ती परिषदेचे मुख्य कार्यालय नागपुरात होते, तेव्हा या गावाची निवड स्वाभाविक होती. 'युनायटेड मिशन टू नेपाळ' या नावाने ही संस्था पुढे ओळखली जाऊ लागली. हळूहळू युरोप, अमेरिका आणि आशियातील कितीतरी मिशने तिच्यात सामील झाली.

तानसेनमध्ये फ्रेडरिक्स यांनी काम आरंभले ते बाजारातल्या साध्या घरात. रुग्णालयाची इमारत नंतर झाली. काठमांडू खोऱ्यात १९५६ मध्ये शांता भवन हा राणांचा जुना महाल भाड्याने मिळाला आणि त्यात रुग्णालय थाटले गेले. तिथली परिचारिका शाळा १९५९ ची. प्रशिक्षणाची अट कागदावर न राहता पाळली गेली, त्याचा हा भक्कम पुरावा म्हणता येईल.

डोंगरातल्या कामाची खरी अडचण वाट हीच होती. रोगी 'डोको' नावाच्या बांबूच्या टोपलीत बसून येई, आणि ती टोपली कपाळावर पट्टा अडकवून कोणीतरी पाठीवर वाहून आणी. कित्येकांना या प्रवासाला दिवसच्या दिवस लागत. त्याआधी गावच्या धामी-झाँक्रीचे, म्हणजे मांत्रिकाचे, उपाय झालेले असत, त्यामुळे दवाखान्यात पोचणारा आजार बहुधा हाताबाहेर गेलेला असे. क्षयरोग, कुष्ठरोग, अडलेल्या बाळंतिणी, चुलीच्या जाळाने भाजलेली मुले आणि जनावरांसाठी पाला तोडताना झाडावरून पडलेली माणसे, असे रोग्यांचे स्वरूप होते. रोग्याबरोबर आलेले नातलग तिथेच चूल मांडून स्वयंपाक करीत. उपचाराला थोडे पैसे घेतले जात, अगदी गरिबांसाठी वेगळा निधी असे.

गोरखा जिल्ह्यातील आँपपीपल येथे १९६९ मध्ये रुग्णालय सुरू झाले. कॅनडाच्या हेलन ह्यूस्टन यांनी आयुष्याची उमेदीची वर्षे तिथे घालवली. १९७० मध्ये आलेले अमेरिकी शल्यचिकित्सक थॉमस हेल यांनी पुढे या रुग्णालयावर लिहिलेल्या आठवणी बऱ्याच वाचल्या गेल्या. पूर्वेकडे ओखलढुंग्यात दवाखान्यापासून सुरुवात होऊन रुग्णालय उभे राहिले.

रुग्णालयातून न ठरवता बाहेर पडलेले एक काम मात्र वैद्यकाच्या पलीकडे गेले. तानसेनचे रुग्णालय बांधण्यासाठी १९५८ मध्ये आलेला नॉर्वेजियन अभियंता ऑड हॉफ्टुन तिथेच थांबला नाही. त्याने १९६३ मध्ये बुटवलला तंत्रशाळा काढली, तिथल्या मुलांच्या हातून तिनाऊ नदीवर जलविद्युत केंद्र उभे केले आणि नेपाळच्या वीजउद्योगात स्वतःची परंपरा सुरू केली.

धर्माच्या प्रश्नाला दोन बाजू होत्या. परकीय डॉक्टर कराराने बांधलेले, त्यामुळे उघड प्रचार करीत नसत. ख्रिस्ती मंडळ्या वाढवल्या त्या नेपाळी ख्रिस्ती लोकांनी. झळही त्यांनाच लागली. १९६० च्या सुमारास तानसेनमध्ये बाप्तिस्म्यांवरून नेपाळी ख्रिस्ती तुरुंगात गेले. १९६३ च्या मुलुकी ऐन या कायदेसंहितेने धर्मांतर घडवणे हा शिक्षापात्र गुन्हा ठरवला. मिशनचे डॉक्टर व्हिसा गमावण्याच्या भीतीने जपून वागत. त्यांच्या शेजारी काम करणारा स्थानिक ख्रिस्ती कर्मचारी तुरुंगाच्या भीतीने. ही विषमता मिशनच्या इतिहासात पुरेशी ठळकपणे मांडली जात नाही. १९९० च्या लोकशाही चळवळीनंतर धर्माच्या आरोपांवरून तुरुंगात असलेल्यांची सुटका झाली. धर्मांतरावरील बंदी मात्र संपली नाही. २०१७ च्या फौजदारी कायद्यात ती पाच वर्षांपर्यंतच्या कैदेसह पुन्हा आली आणि परकीय दोषीला शिक्षा भोगल्यावर देशाबाहेर काढण्याची तरतूदही झाली.

हस्तांतरणाची अट सगळीकडे सारखी अमलात आली नाही. शांता भवनचे काम १९८२ मध्ये नव्या पाटण रुग्णालयात गेले. पुढे ते रुग्णालय मिशनच्या हातून सुटले आणि त्याच्या पायावर २००८ मध्ये पाटण आरोग्य विज्ञान प्रतिष्ठान ही वैद्यकीय शिक्षणसंस्था स्थापन झाली. आँपपीपलही मिशनकडे राहिले नाही. तानसेन आणि ओखलढुंगा ही रुग्णालये मात्र आजही युनायटेड मिशनकडेच आहेत. तिथले बहुतेक डॉक्टर आणि कर्मचारी नेपाळी आहेत, परदेशी डॉक्टर काही वर्षांसाठी येतात.