प्रेषितीय परंपरा आणि नागपूरचे ख्रिस्ती ऐक्य

२९ नोव्हेंबर १९७० रोजी नागपूरच्या ऑल सेंट्स कॅथेड्रलच्या आवारात सहा ख्रिस्ती मंडळ्या एकत्र येऊन चर्च ऑफ नॉर्थ इंडिया स्थापन झाले. वाटेतील मोठा अडसर दीक्षेचा होता. प्रेषितांपासून मस्तकावर हात ठेवीत बिशपांकरवी चालत आलेली परंपरा अँग्लिकनांना मोलाची. हिस्लॉप यांच्या स्कॉटिश पंथातील पाळकांना मात्र पुनर्दीक्षा म्हणजे आजवरची सेवा खोटी ठरविणे वाटे. १९४७ साली मद्रासच्या ऐक्यात जुन्या पाळकांना तसेच स्वीकारले गेले. त्यामुळे कित्येक अँग्लिकन नाराज झाले. नागपुरात सर्व मंडळ्यांच्या प्रतिनिधींनी परस्परांच्या मस्तकी हात ठेवले आणि ज्याला जे उणे असेल ते ईश्वराने द्यावे, अशी प्रार्थना केली. कोणाला काय उणे, हे मुद्दामच सांगितले नाही. ही संदिग्धता आम्हांस लबाडी वाटत नाही. खंडित उपसंपदेसाठी १७५३ मध्ये सिंहलद्वीपाने सयामहून भिक्षू आणविले होते. परंपरेची ही ओढ आमच्या वाचकांस अपरिचित नाही. अमेरिकन परंपरेतील मेथॉडिस्ट मंडळी मात्र, स्वतःचे बिशप असूनही, त्याच वर्षी माघार घेऊन बाहेर राहिली.