हजेरीची टक्केवारी आणि सिद्धार्थ कॉलेजची सकाळ

शिंदखेडा तालुक्यात पहिल्या सत्राची परीक्षा आणि कापसाची वेचणी एकाच हंगामात येतात. त्याच दिवसांत कॉलेजांत कमी हजेरीची यादी लागते. त्या यादीत कुणाची पोरं असतात, हे आम्ही सांगायला नको. पहाटेची एसटी चुकली की अख्खा दिवस बुडतो. आईबापाबरोबर वेचणीला गेलं की आठवडा बुडतो. नियम मात्र या सगळ्याला एकच शब्द लावतो: गैरहजर.

हा वाद आजचा नाही. ऑक्टोबर १९२७ मध्ये मुंबई कायदेमंडळात विद्यापीठ कायद्याच्या दुरुस्तीवर बोलताना बाबासाहेबांनी सरकारला बजावलं होतं की परीक्षा वेगळी आणि शिक्षण वेगळं. दर्जाच्या नावाखाली परीक्षा इतकी अवघड केली, तर मागास समाज विद्यापीठाच्या दाराबाहेरच राहील.

ते स्वतः या अनुभवातून गेले होते. १९१७ साली बडोद्याची शिष्यवृत्ती संपली आणि लंडनचं शिक्षण अर्धवट टाकून त्यांना परतावं लागलं. लंडन विद्यापीठाने चार वर्षांच्या आत परत येऊन अभ्यास पूर्ण करण्याची मुभा दिली. १९२० ला ते गेले आणि १९२३ ला डी.एस्सी. झाले. तिथे कुणी 'तुमचा खंड पडला, आता विसरा' म्हटलं असतं तर?

म्हणजे बाबासाहेबांना वर्ग नको होता का? मुळीच नाही. १९४५ ला त्यांनी पीपल्स एज्युकेशन सोसायटी काढली. २० जून १९४६ ला मुंबईत सिद्धार्थ कॉलेज सुरू झालं आणि नोकरी करणाऱ्या पोरांसाठी तिथे सकाळचे वर्ग भरले. त्यांनी हजेरी रद्द केली नाही. विद्यार्थ्याला हजर राहता येईल अशी वेळ ठेवली.

कोर्टातही आता हा प्रश्न नव्याने तपासला जातोय. बार कौन्सिलच्या २००८ च्या नियमांनुसार कायद्याच्या विद्यार्थ्याला ७० टक्के हजेरी लागते. हजेरी कमी म्हणून परीक्षेला बसू न दिलेल्या दिल्लीतल्या एका विद्यार्थ्याने २०१६ मध्ये आत्महत्या केली. त्या प्रकरणात ३ नोव्हेंबर २०२५ रोजी दिल्ली उच्च न्यायालयाने सांगितलं की केवळ कमी हजेरीसाठी कायद्याच्या विद्यार्थ्याला परीक्षेपासून रोखता येणार नाही. हा निकाल कायद्याच्या शिक्षणापुरता आहे, बी.ए., बी.कॉम.च्या पोरांना तो आपोआप लागू होत नाही. पण अर्ज लिहिताना त्यातला विचार आपल्या कामाचा आहे.

काही पोरं कट्ट्यावर वेळ घालवतात, हे खरं आहे. त्यांची वकिली आम्ही करत नाही. आमची मागणी साधी आहे. हजेरीची यादी दर महिन्याला लावा, परीक्षेच्या तोंडावर नको. नाव कापण्याआधी विद्यार्थ्याचं लेखी म्हणणं घ्या. बुडालेल्या तासांसाठी जादा वर्ग भरवा. शिष्यवृत्तीलाही हजेरीची अट आहे, तेव्हा एका यादीने पोराची परीक्षा आणि पैसा दोन्ही जाऊ शकतात.

कार्यकर्त्यांनो, यादी लागायची वाट पाहू नका. पहिल्याच महिन्यात प्राचार्यांकडे लेखी निवेदन द्या आणि त्याची पोच घ्या.

जय भीम!