नेत्सुके : मुठीत मावणारे जपानी शिल्प

नेत्सुके हे जपानमधील पारंपरिक लघुशिल्प होय. लाकूड, हस्तिदंत किंवा शिंगात कोरलेली, बहुधा तीन ते पाच सेंटिमीटर आकाराची ही वस्तू एके काळी पुरुषांच्या पोशाखाचा एक साधा भाग होती. आज ती जगभरच्या संग्रहालयांत आणि खासगी संग्रहांत मानाने ठेवली जाते. अस्सल नेत्सुके ओळखण्याची किल्ली तिच्या जुन्या उपयोगात आहे. हस्तिदंतावरील निर्बंधांमुळे या छंदाला आता कायद्याची बाजूही जोडली गेली आहे.

उगम आणि उपयोग

किमोनोला खिसे नसतात. स्त्रिया लहानसहान वस्तू बाह्यांत ठेवीत. पुरुष मात्र तंबाखूची पिशवी, चिलमीचे घर, पैशांची थैली किंवा 'इनरो' नावाची औषधांची डबी रेशमी दोरीने 'ओबी' या कमरपट्ट्याला लटकवीत. दोरी ओबीच्या आतून वर काढून तिच्या टोकाला नेत्सुके बांधले जाई. ते पट्ट्याच्या वरच्या काठावर अडकून राही आणि खालची वस्तू निसटत नसे. दोरी घट्ट वा सैल करण्यासाठी मध्ये 'ओजिमे' हा मणी असे. 'ने' म्हणजे मूळ आणि 'त्सुके' म्हणजे जोडणे, अशी या नावाची व्युत्पत्ती आहे.

एदो काळात (१६०३ ते १८६८) व्यापारी वर्ग संपन्न झाला. परंतु सामाजिक दर्जानुसार वस्त्रे आणि अलंकार यांवर निर्बंध होते. अशा वेळी कमरेला लटकणारी ही छोटी वस्तू रसिकता आणि ऐपत दाखविण्याचे साधन ठरली. इनाबा त्सुर्यू यांच्या, ओसाका येथे १७८१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'सोकेन किशो' या ग्रंथात पन्नासहून अधिक नेत्सुके कारागिरांची नोंद आढळते. हा ग्रंथ प्रामुख्याने तलवारीच्या साजासंबंधी असला, तरी नेत्सुकेच्या अभ्यासाचा तो आद्य आधार मानला जातो.

मेइजी काळात पाश्चात्त्य पोशाख आला, त्याबरोबर खिसा आला आणि चिलमीची जागा सिगारेटने घेतली. नेत्सुकेची गरज संपली. कारागीर परदेशी ग्राहकांकडे वळले आणि जुन्या वस्तू मोठ्या प्रमाणावर युरोप-अमेरिकेत गेल्या.

प्रकार, विषय आणि घराणी

चोहोबाजूंनी कोरलेल्या आकृतीला 'काताबोरी' म्हणतात. हा सर्वाधिक प्रचलित प्रकार होय. 'मांजू' हा त्याच नावाच्या जपानी गोड पदार्थासारखा गोल व चपटा असतो, 'कागामिबुता'वर धातूची चकती झाकणासारखी बसविलेली असते, तर 'साशी' लांबट असतो. साहित्यात 'त्सुगे' म्हणजे बॉक्सवुडचे लाकूड, हस्तिदंत, हरणाचे शिंग आणि रानडुकराचा सुळा यांचा प्रामुख्याने वापर होई. शामिसेन या तंतुवाद्याची मोठी नखी हस्तिदंतातून कापल्यावर उरणारे त्रिकोणी तुकडे कारागिरांच्या हाती येत. अनेक हस्तिदंती नेत्सुके त्यामुळेच त्रिकोणी घडणीची दिसतात.

राशिचक्रातील बारा प्राणी, लोककथा, नो नाटकांतील मुखवटे, डच व्यापारी असे विषयांचे वैविध्य आहे. भारतीय रसिकाला यांत परिचित खुणाही सापडतात. 'दारुमा' म्हणजे भारतातून चीनला गेलेले बोधिधर्म होत. सौभाग्याच्या सात देवतांपैकी 'बेन्तेन' हे सरस्वतीचे, तर 'दाइकोकु' हे महाकालाचे जपानी रूप आहे.

क्योतोचे तोमोतादा बैलांच्या आणि मासानाओ प्राण्यांच्या शिल्पांसाठी ख्यातनाम होते. ओसाकाचे काइग्योकुसाइ मासात्सुगु (१८१३ ते १८९२) यांच्या कामातील सफाई अजोड मानली जाते. इवामी प्रांतातील तोमिहारू यांनी रानडुकराच्या सुळ्यावर कोळ्यासारखे जीव कोरले. हिदा भागात 'इचीइ' या सूचिपर्णी वृक्षाच्या लाकडावर पटाशीचे सपाट घाव तसेच ठेवण्याची शैली रुजली.

पारख कशी करावी

नेत्सुके हातात घेऊनच पाहावे, असा जाणकारांचा आग्रह असतो. पट्ट्याशी सतत घासली जाणारी वस्तू असल्याने तिला टोकदार वा बाहेर आलेले भाग नसावेत. ते रेशमात अडकतील किंवा मोडतील. शेपटी अंगाशी गुंडाळलेली, पाय पोटाखाली घेतलेले अशी घट्ट रचना चांगल्या कामात दिसते. तळही तितक्याच निगुतीने कोरलेला असतो.

दोरी ओवण्याच्या 'हिमोतोशी' या दोन छिद्रांकडे विशेष लक्ष द्यावे. गाठ आत लपावी म्हणून पुष्कळदा त्यांतील एक छिद्र मोठे असते, आणि वस्तू लटकली असता आकृती नीट समोर यावी अशी त्यांची जागा असते. हात आणि वस्त्र जिथे लागत, तिथेच झीज असावी. खाचांत व उंचवट्यांवर सारखाच पिवळेपणा दिसला, तर तो मुद्दाम रंगवून आणलेला असण्याची शक्यता असते. साच्याच्या शिवणीची रेघ किंवा सूक्ष्म बुडबुडे कृत्रिम राळेची नक्कल उघड करतात. हस्तिदंताच्या आडव्या छेदात परस्परांना छेदणाऱ्या रेषांची जाळी दिसते. हाडात बारीक काळसर छिद्रे दिसतात. तापलेली सुई टोचून पाहण्याची जुनी युक्ती वस्तूचे नुकसान करते, म्हणून ती टाळावी.

केवळ स्वाक्षरीवर विसंबणे धोक्याचे असते. तोमोतादा यांच्या बैलांच्या नकला होत असल्याचे 'सोकेन किशो'तच नमूद आहे. मासानाओ हे नाव तर इसे भागातील कारागिरांच्या अनेक पिढ्यांनीही वापरले. याउलट, ओसाकाचे योशिमुरा शूझान यांच्यासारखे श्रेष्ठ कारागीर आपल्या कामावर नाव कोरीत नसत.

प्रसिद्ध संग्रह

एडमंड डी वाल यांच्या 'द हेअर विथ अंबर आइज' (२०१०) या पुस्तकाने २६४ नेत्सुकेंचा एक संग्रह सर्वतोमुखी केला. एकोणिसाव्या शतकात पॅरिसमध्ये शार्ल एफ्रुसी यांनी तो जमविला आणि पुढे तो व्हिएन्नातील नातलगांकडे गेला. १९३८ मध्ये नाझींनी या ज्यू कुटुंबाची मालमत्ता बळकावली, तेव्हा आना नावाच्या सेविकेने दोन-तीन नेत्सुके एका वेळी एप्रनच्या खिशातून नेऊन आपल्या गादीत दडविली. युद्धानंतर तिने ती कुटुंबाला परत केली. खिसा नव्हता म्हणून जन्मलेल्या या वस्तू अखेर एका खिशामुळे वाचल्या.

लॉस एंजलिसच्या कला संग्रहालयातील रेमंड व फ्रान्सिस बुशेल संग्रह, लंडनचे ब्रिटिश म्युझियम आणि टोकियो राष्ट्रीय संग्रहालयातील राजपुत्र ताकामादो यांचा आधुनिक नेत्सुकेंचा संग्रह अभ्यासकांसाठी महत्त्वाचे आहेत.

हस्तिदंत आणि कायदा

आफ्रिकी हत्तीचा १९८९ मध्ये 'साइट्स' कराराच्या परिशिष्ट एकमध्ये समावेश झाला आणि हस्तिदंताचा आंतरराष्ट्रीय व्यापार जवळजवळ थांबला. ब्रिटनचा २०१८ चा कायदा जून २०२२ पासून लागू झाला. १९१८ पूर्वीच्या हस्तिदंती वस्तूंपैकी असाधारण कलामूल्याच्या वस्तूच प्रमाणपत्र घेऊन विकता येतात. जपानमध्ये देशांतर्गत व्यापार अटींसह सुरू आहे.

भारतात वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ मध्ये १९८६ व १९९१ साली झालेल्या दुरुस्त्यांनी अनुक्रमे भारतीय आणि आफ्रिकी हस्तिदंताच्या व्यापारावर बंदी आणली. त्यामुळे परदेशी लिलावातील हस्तिदंती नेत्सुके, ती कितीही जुनी असली तरी, येथील संग्राहकाने मागविणे इष्ट नाही. उत्तम कलाकृती हस्तिदंताचीच असते, असेही नाही. नेत्सुकेच्या परंपरेतील अनेक श्रेष्ठ कृती लाकडातच घडल्या असून आजचे कारागीरही लाकूड व अन्य साहित्यात काम करीत आहेत. नव्या संग्राहकाने आरंभ तिथूनच करणे श्रेयस्कर.